असं म्हणत नाहीत

चुकीची वाक्यं तयार करणं हा माझा धंदा होता. कागदोपत्री मी बीडच्या एका कॉलेजात मराठी शिकवत होते आणि मध्यंतरी रीतसर शाल-श्रीफळ घेऊन निवृत्तही झाले. पण जीव रमला तो वाक्यात. एखादं धडधाकट वाक्य घ्यायचं, त्यातले शब्द इकडचे तिकडे करायचे, एखादा काढायचा, एखादा घुसडायचा आणि ते मोडकंतोडकं वाक्य घेऊन लोकांच्या दारात जाऊन विचारायचं, “तुमच्यात असं म्हणतात का हो?” म्हणतात म्हटलं तर पुढचं वाक्य. नाही म्हणाले की त्या वाक्याच्या डोक्यावर एक चांदणी काढायची. आमच्या शास्त्रात चांदणी म्हणजे शाबासकी नव्हे, नापास.

माझ्या आईला हे कधीच पटलं नाही. “लोकांची पोरं वाक्य बरोबर यावं म्हणून शाळेत जातात,” ती म्हणायची, “आणि आमची इतकं शिकून वाक्य मोडत हिंडतेय.” तिला समजावायचा मी पुष्कळ प्रयत्न केला. तुम्हालाही एकदा समजावते, कारण त्याशिवाय पुढची हकिकत कळायची नाही.

हे वाक्य पाहा: सुभाषनं रमेशला आपल्या घरी नेलं. घर कुणाचं? सुभाषचं. रमेशचं का नाही? नाव तर त्याचंही आहे, उलट घराच्या जास्त जवळ त्याचंच आहे. तरी कुणी चुकत नाही. शाळेचं तोंड न पाहिलेली बाई चुकत नाही, अंगणवाडीतलं पोरगं चुकत नाही. हा नियम त्यांना कुणी शिकवला? कुणीच नाही. विचारलं तर सांगताही येणार नाही. तरी रोज पाळतात. शिवाय मूल ऐकतं ती वाक्यं मोजकी आणि बोलतं ती मात्र अशी की घरात पूर्वी कुणी बोललेलंच नसतं. म्हणजे मूल वाक्यं पाठ करत नाही, वाक्यं घडवायची काही तरी तजवीज त्याच्या डोक्यात असते. ती तजवीज कशी आहे ते शोधणं, एवढंच आमचं शास्त्र. डोकं उघडून पाहता येत नाही म्हणून वाक्य मोडून पाहायचं. कुठं मोडलं की माणूस ‘छे’ म्हणतो ते पाहिलं की आतला नियम कुठं आहे त्याचा थोडा पत्ता लागतो.

मला हे पुण्यात शिकताना पहिल्यांदा कळलं तेव्हा आठवडाभर मी कुणाचं बोलणं धड ऐकलंच नाही. समोरचा काय म्हणतोय याकडे लक्ष नाही, कसं म्हणतोय याकडे सगळे कान. ती खोड अजून गेलेली नाही. नातेवाईक त्यावर चिडतात.

आमच्या शास्त्राचा पहिला नागरिक म्हणजे राम. शाळेच्या व्याकरणापासून तो आंबा खातो आहे आणि अजून त्याचं पोट भरलेलं नाही. पुण्याच्या सरांनी तोच राम आमच्या हाती दिला. राम आंबा खातो, रामाने आंबा खाल्ला, रामाला आंबा आवडतो, रामाकडून आंबा खाल्ला गेला. जोडीला मी लता घेतली, कारण वाक्यात दुसरं माणूस लागतं. या दोघांना घेऊन मी आमच्या जिल्ह्यात परत आले, आणि पहिल्याच दिवशी वडवणीच्या बाजारात तोंडावर पडले.

दावी-कासरे विकणारे एक गृहस्थ गिऱ्हाईक नसल्यामुळे रिकामे बसले होते. मी विचारलं, “मामा, ‘आंबा खातो राम’ असं म्हणाल का तुम्ही?”

“कोन्ता राम?”

“कुठलाही. समजा एक राम आहे.”

त्यांनी माझ्याकडे नीट पाहिलं. “मंग ह्या दिसात आंबा कावून खायलाय त्यो? कुठून आनला?”

मी म्हटलं, आंबा महत्त्वाचा नाही. तेवढ्यात शेजारचा एक जण म्हणाला, “आबे, मॅडम सर्व्हे करायल्यात. फळबागाची योजना आली आसंल.” झालं. बघता बघता माझ्याभोवती माणसं जमली आणि जो तो आपापलं नाव आणि गट नंबर सांगू लागला. मी वाक्यं विचारायला गेले होते आणि आंब्याच्या कलमांचं आश्वासन देता देता कशीबशी एसटीत बसले.

पालीला याच्या उलट झालं. तिथले एक मोठे बागायतदार, गावचे पुढारी, मला आग्रहानं घरी घेऊन गेले. मी एकेक वाक्य म्हणायची, ते मान डोलवायचे. “चालतंय की.” बरोबर वाक्य, चालतंय की. थोडं मोडलेलं, चालतंय की. शेवटी मी क्रियापद उचलून पार भलतीकडे नेऊन ठेवलं, ऐकताना माझ्याच दातांखाली खडा आला. तेही चाललं. मी वैतागून म्हटलं, “दादा, तुम्ही स्वतः असं बोलाल?”

“मी?” ते दचकले. “मी कावून बोलू? मला काय येड लागलंय?”

“मग चालतंय म्हणालात ते?”

“तुमी आमच्या पाव्हण्या, मॅडम. पाव्हण्याचं वाक्य चुकलं असं कसं म्हनावं मानसानं?”

त्या दिवशी मला या धंद्यातली खरी अडचण कळली. पुस्तकात लिहिलेलं असतं की बोलणाऱ्याला विचारा, वाक्य चालतं की नाही. पण आपल्याकडे माणूस वाक्य एकटं पाहतच नाही. कुणी म्हटलं, कुणाला म्हटलं, कुणासमोर म्हटलं आणि ते शोभतं का, हे आधी पाहतो. शोभत असेल तर मोडकं वाक्यही चालतं, शोभत नसेल तर धडधाकट वाक्यालाही तो ‘असं म्हणत नाहीत’ म्हणून मोकळा होतो. हे आपल्याला पक्कं उमगलं, अशी माझी समजूत होती. ती किती कच्ची होती ते नेकनूरला कळायचं होतं.

नेकनूरची मंदा ही माझी सगळ्यात आवडती पारखी. दहावीपर्यंत शिकलेली, नवऱ्याबरोबर दरसाल ऊसतोडीला जाणारी. पावसाळ्यात गावी असायची तेव्हा मी तिच्याकडे जायची. मी वाक्य म्हटलं की ती ते स्वतः एकदा मोठ्यानं म्हणून पाहायची आणि लगेच निकाल द्यायची. “ह्यो शबूद हितं बसत न्हाई, मॅडम. जीभ अडखळती.” कारण विचारलं तर हसायची. “कारन तुमी शोधा. तुमचं काम हाय ते.” तिची सासू गयाबाई तिथंच बसून शेंगा फोडत असायची आणि आमच्या बोलण्याकडे दुर्लक्ष केल्यासारखं करून सगळं ऐकायची. एकदा मी फार वेळ लावला तर म्हणाली, “मंदे, त्या बाईला म्हनावं, च्या तरी सरळ प्या.”

त्या मंदाचा नवरात्राच्या सुमारास फोन आला. “मॅडम, तुमाला वाक्याचं कळतं. आमच्या आत्याबाईला वाक्यच येईना गेलंय.”

गयाबाईला अर्धांगाचा झटका येऊन गेला होता. उजवा हात लुळा पडला होता, पाय ओढत चालता येत होतं. आणि बोलणं गेलं होतं. गेलं म्हणजे पूर्ण नाही. पाणी, दार, शेळी, शेजारच्या जावेचं नाव कौसा, असे सुटे शब्द येत होते. वाक्य येत नव्हतं. डॉक्टरांनी सांगितलं होतं की हळूहळू काही परत येईल, बोलायला शिकवणाऱ्या तज्ज्ञाकडे मोठ्या शहरात न्या. ते यांना जमणारं नव्हतं.

मी म्हटलं, “मंदा, मी डॉक्टर नाही गं. माझं सगळं पुस्तकातलं.”

“आसू द्या की. तुमी नुसतं एवढं बघा, तिला आपलं बोललेलं कळतंय का.”

कळतंय की नाही यावर त्या घरात काय अडलं होतं, ते मंदानं मला बसस्टँडवरून घराकडे जाताना सांगितलं. दिवाळी झाली की मुकादमाची गाडी येणार, टोळी तोडीला निघणार. दरसाल गयाबाई नातीला घेऊन मागे राहायची, म्हणून साक्षीची शाळा कधी बुडाली नव्हती. पाचवीत होती ती. वर्गात हुशार. या वर्षी मंदाचा नवरा बबन म्हणत होता की आईला काही कळत नाही, तिच्या भरवशावर पोर ठेवायची नाही, दोघींनाही तोडीवर न्यायचं. तिथं फडाकडेच्या पाचटाच्या कोपीत राहून कुठली शाळा? मंदानं शेजारच्या पोरी तशा गेलेल्या पाहिल्या होत्या. त्यातली एकही परत शाळेत बसली नव्हती.

“आन त्याचं बी खोटं न्हाई, मॅडम,” मंदा म्हणाली. “सासूला कळतच नसलं तर पोर कुनाच्या जिवावर ठिवू?”

मला घाम फुटला. आजवर मी चुकीची चांदणी काढली तर फार तर एखाद्या परिसंवादात कुणी तरी उभं राहून हरकत घेई. इथं माझ्या एका निकालावर एका मुलीची शाळा टांगलेली होती. आणि खरं सांगते, त्या घामातही मला जायची उत्सुकता होती. वाक्य मोडून पाहण्यात आयुष्य गेलं, पण ज्याच्या आतली वाक्य घडवायची तजवीजच मोडली आहे असं माणूस मी कधी पाहिलं नव्हतं.

गयाबाई भिंतीला टेकून बसली होती. मला पाहून तिचा चेहरा उजळला. “मॅडम,” ती म्हणाली. मग डाव्या हातानं कोपऱ्याकडे दाखवून, “सतरंजी.” मंदानं सतरंजी घातली, मी बसले. वाक्य नव्हतं, पण मी बसले तर होते. गल्लीतल्या बायका येऊन-जाऊन होत्या. कुणी गयाबाई बहिरी झाल्यासारखं ओरडून बोलत होती, कुणी तान्ह्या बाळाशी बोलावं तसं. एक तर तिच्यासमोरच मंदाला म्हणाली, “आता हिचं काय खरं न्हाई, माय.” गयाबाईनं तिच्याकडे पाहिलं ते मला बरंच समजून-उमजून पाहिल्यासारखं वाटलं. पण वाटण्यावर निकाल देता येत नाही.

“म्हशीनं पाणी प्यायलं” हे वाक्य कुणालाही कळेल, कारण पाणी म्हशीला पीत नाही. नुसते शब्द कळले तरी भागतं. पण “लतानं सुभाषला ढकललं” यात कुणी कुणाला ढकललं, हे शब्दांवरून कळत नाही, ते वाक्यच कळावं लागतं. म्हणून मी घरून चिंध्यांच्या दोन बाहुल्या शिवून नेल्या होत्या. एकीला लाल कापडाचा फेटा, एकीला काळ्या दोऱ्याची वेणी. मी वाक्य म्हणायचं आणि गयाबाईनं बाहुल्यांनी तसं करून दाखवायचं. बबन उंबऱ्यात येऊन बसला. त्याच्या कपाळाला आठ्या होत्या, पण त्यात राग नव्हता, काळजी होती.

मी बाहुल्या पुढे ठेवल्या. “काकू, ही लता. आणि हा राम.”

गयाबाईनं पदर डोक्यावर पुढे ओढला.

“रामानं लताला ढकललं. दाखवा बरं.”

ती बसून राहिली. मी पुन्हा सावकाश म्हटलं. काही नाही. मग उलट करून पाहिलं, “लतानं रामाला मारलं.” तिनं माझ्याकडे अशी नजर टाकली की मीच गडबडले. मग तिनं डाव्या हातानं फेट्याची बाहुली उचलली, तिचा फेटा नीट केला, ती अलगद भिंतीशी उभी करून ठेवली आणि तोंड दुसरीकडे केलं. पुढच्या कुठल्याच वाक्याला ती हलली नाही. राम चालत गेला, रामाला तहान लागली, रामानं हाक मारली. सगळं व्यर्थ.

बबन उठला. “कळत न्हाई तिला, मॅडम. मी म्हनत व्हतो ना.” तो म्हणाला. “बसा, च्या घ्या. तुमाला उगं तकलीफ झाली.”

मंदा चुलीकडे गेली. साक्षी तिच्या मागे गेली. मला फार वाईट वाटलं. इतकं वाईट मला माझ्या प्रबंधाच्या तोंडी परीक्षेतही वाटलं नव्हतं. चहा हातात घेऊन मी कुणाच्याच नजरेला नजर द्यायची नाही म्हणून भिंतीकडे पाहत बसले. भिंतीवर बबनच्या वडिलांचा फोटो होता, हार घातलेला. मंदाच्या बोलण्यातून मला ते फक्त ‘अण्णा’ म्हणून माहीत होते. फोटोखाली रंगीत अक्षरात नाव होतं, आडनाव हाराखाली गेलेलं. कै. रामकिसन.

चहा माझ्या साडीवर सांडला.

“मंदा,” मी म्हटलं, “अण्णांचं नाव रामकिसन?”

“व्हय,” मंदा म्हणाली आणि तिनं जीभ चावली. “आगं माय! आवो, आत्याबाई तर कधी रामराम बी म्हनल्या न्हाईत. कुनी रामराम घातला की नुसतं हरी हरी म्हनायच्या. माझ्या ध्यानातच न्हाई आलं. मला आपले अण्णा म्हंजी अण्णा.”

मी कपाळाला हात लावला. माझ्या आईनं जन्मात माझ्या वडिलांचं नाव घेतलं नाही, रेशनच्या रांगेतसुद्धा मला पुढे करायची. आणि मी काय केलं होतं? एका बाईला सुनेसमोर आणि लेकासमोर तिच्या नवऱ्याच्या नावाची बाहुली दिली होती आणि म्हटलं होतं की याला एका परक्या बाईच्या अंगावर ढकल. वर त्या बाईकडून याला मार खायला लाव. तिनं बाहुली माझ्या डोक्यात घातली नाही हेच पुष्कळ. फेटा नीट करून भिंतीशी उभी केली, म्हणजे वाक्य तिला कळलं होतं. नको इतकं कळलं होतं.

साक्षीच्या खेळण्यात पोळ्याचा मातीचा बैल होता आणि प्लास्टिकचं एक कुत्रं होतं. मी ते मागून घेतलं, राम-लतेला पिशवीत टाकलं आणि बबनला म्हटलं, “बसा थोडं. चूक माझी आहे, आईची नाही.”

“बैलानं कुत्र्याला ढकललं.” गयाबाईनं बैल उचलला आणि कुत्र्याला अशी धडक दिली की ते सतरंजीवरून खाली गेलं. “कुत्र्यानं बैलाला ढकललं.” कुत्रं उचलून बैलावर. यावर ती तोंडाला पदर लावून हसलीही, कारण बैल काही हलेना. एकामागून एक बरोबर येत गेलं. मंदा चुलीवरचं तसंच सोडून दाराशी येऊन उभी राहिली.

मग मी शब्द फिरवले. “कुत्र्याला बैलानं ढकललं.” ती थांबली, कुत्रं उचललं, बैलावर घातलं. चुकलं. पुन्हा एक तसंच विचारलं, पुन्हा चुकलं. ज्याचं नाव आधी येईल तोच करणारा, असं ती धरून चालत होती. शब्द तिच्याकडे होते, सरळ वाक्य कळत होतं, पण वाक्य वळवलं की धागा हातातून सुटत होता. पुस्तकात आम्ही ज्याच्यावर वाद घालतो ते माझ्यासमोर मातीच्या बैलाच्या रूपानं चाललं होतं. मी भान विसरून आणखी वाक्यं विचारत सुटले असते.

“बैलाचं कुत्र्याचं ऱ्हाऊ द्या, मॅडम,” बबन म्हणाला. “मला पोरीचं सांगा. ठिवून जाऊ का न्हाई?”

हा प्रश्न माझ्या शास्त्रात बसत नव्हता. मला कळलं तेवढंच मी सांगितलं. तिला कळतं. पण सरळ बोला, एका वेळी एकच गोष्ट बोला, करणाऱ्याचं नाव आधी घ्या. ओरडू नका, ती बहिरी नाही. तिच्यासमोर तिच्याबद्दल बोलू नका. पुढचं ठरवणं मात्र तुमचं, त्याची हमी मी देऊ शकत नाही. मग म्हटलं, “तुम्हीच विचारा ना तिला. मी कशाला मध्ये?”

बबन आईसमोर उकिडवा बसला. झटका आल्यापासून तो तिच्याशी ‘जेवली का’ याच्यापुढे काही बोललाच नसावा, इतका अवघडला होता.

“आई. आमी तोडीला गेलो.” थांबला. “साक्षीला ताप आला. मंग?”

गयाबाईचे ओठ हलत राहिले. मला मध्येच शब्द पुरवायचा मोह होत होता, तो मी आवरला. “ताप,” ती म्हणाली. “पानी... पट्टी.” मग शेजारच्या घराकडे हात करून, “कौसा. हाक.” कौसाबाई तिची चुलत जाऊ, भिंतीला भिंत लागून घर. थोडं थांबून कानाशी डावा हात नेला. “फोन. मंदा.”

“आन मला कावून न्हाई?” बबन म्हणाला.

गयाबाईनं त्याला वरपासून खालपर्यंत पाहिलं. “बबन,” ती म्हणाली, “कुरकुर.”

सगळ्यात आधी मंदा हसली, मग साक्षी, मग मी. बबनही हसत होता आणि हसता हसता उठून अंगणात गेला. बराच वेळ तिकडे तोंड करून उभा राहिला. आत आला तेव्हा डोळे लाल होते. आईकडे न पाहता तो मंदाला म्हणाला, “पोरीचं दप्तर गाडीत टाकू नको.”

मी निघाले तेव्हा साक्षीनं बाहुल्या मागितल्या. दिल्या. मला त्यांचं तोंड पाहायचं नव्हतं.

दिवाळी झाली, गाडी गेली, आणि मग माझ्या जिवाला घोर लागला. कुठलंही वर्तमानपत्र उघडलं की आधी नेकनूरचं काही वाईट छापून आलंय का ते पाहायची. आपण बाहुल्या आणि बैल घेऊन भलत्याच गोष्टीत पडलो, असं वाटायचं. मंदाशी बोलणं व्हायचं. तिनं आपली रीत बसवली होती. गाडी भरायला उभी असली की दुपारी फोन करायची आणि सासूला सरळ विचारायची. साक्षी जेवली? शेळी बांधली? कौसा आली? गयाबाई एकेका शब्दानं उत्तर द्यायची. मंदा म्हणायची, “मॅडम, पयले सासू एवढी बोलायची की मला बोलाया घावत नव्हतं. आता मीच बोलते न तीच ऐकती. पर मला त्ये पयलंच बरं व्हतं.”

संक्रांत झाल्यावर मी गेले. घर झाडलेलं, शेळी बांधलेली. गयाबाई ओट्यावर बसून डाव्या हातानं तूर निवडत होती. मी “साक्षी कुठाय” विचारलं, तर “साळा,” म्हणाली, आणि त्या एका शब्दात तिचा एवढा तोरा होता की मी पुढे काही विचारलंच नाही.

आत गेले तर लता दोरीवर वाळत होती, वेणी सुटलेली, भरपूर खेळलेली दिसत होती. राम मात्र फळीवर होता. बरोबर फोटोच्या खाली, भिंतीला टेकवून, फेटा नीटनेटका. अंगावर धूळ नव्हती. मला राहवलं नाही. माझी खोड कुठली जायला.

“काकू, लता खेळतेय आणि हे पाहुणे वर कशाला बसवलेत?” मी म्हटलं. “खाली घ्या त्यांना. आपलं वाक्य राहिलंय. रामानं लताला हाक मारली.”

गयाबाईनं पदर पुढे घेतला. हसली. मग तिचे ओठ हलायला लागले, तिनं माझ्याकडे बोट केलं, एक शब्द आला, अडला, परत मागे गेला.

“आसं,” ती म्हणाली. “आसं... म्हनत न्हाईत.”

हे शब्द मी आयुष्यभर ऐकले. वडवणीपासून नेकनूरपर्यंत, दारादारात. ऐकलं की खाली मान घालून चांदणी काढायची, एवढंच मला माहीत. त्या दिवशी मला मान खाली घालता येईना. क्रियापद होतं, नकार होता, जिथल्या तिथं होतं. झटका आल्यापासूनचं तिचं पहिलं वाक्य, आणि ते मला दटावण्यासाठी.

तेवढ्यात घरातल्या फोनवर मंदाचा रोजचा फोन आला. मी तो गयाबाईच्या कानाशी न धरता स्पीकरवर टाकला आणि ओरडले, “मंदा, काकूंनी वाक्य म्हटलं!”

“काय म्हनल्या?” मागून उसाच्या फडातला कालवा ऐकू येत होता. “आत्याबाई, काय म्हनलात? परत म्हना की. कोन काय म्हनत न्हाई?”

गयाबाईनं माझ्याकडे पाहिलं, फळीकडे पाहिलं, हातातली तूर सुपात टाकली. या सुनेला एकदा सांगून कधी कळलंय का, अशा चेहऱ्यानं ती फोनकडे वळली.

“म्हनत न्हाईत म्हनलं ना!”



“मॅडम,” मंदा म्हणाली, “आता ह्या भांडत्याल.” आणि फडात उभी राहून ती मोठमोठ्यानं रडायला लागली.